हप्ता ४५,८००, उरलेले हप्ते ३३३: भांडुपच्या एका गृहकर्जाचं प्रकरण

या प्रकरणातल्या नवरा-बायकोची नावं, इमारत आणि काही किरकोळ तपशील बदलले आहेत. वाचायला सोपं जावं म्हणून आकडे ठोकळ केले आहेत. कर्जाचे कागद मी त्यांच्यासोबत बसून पाहिले होते.

पार्श्वभूमी

महेश ऐरोलीतल्या एका खासगी कंपनीत, सुजाता एका रुग्णालयाच्या लॅबमध्ये. २०२१ मध्ये दोघांचा मिळून हातात येणारा पगार १ लाख १४ हजार. भांडुप पश्चिमेला भाड्याच्या घरात राहत होते आणि स्टेशनपासून चालत जाता येईल असं स्वतःचं घर हवं होतं. नोव्हेंबर २०२१ मध्ये १९८९ च्या एका इमारतीत ३९० चौरस फूट कार्पेटचा वन बीएचके ८२ लाखांना ठरला. रिसेल असल्यामुळे जीएसटी नव्हता.

रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना उसने पैसे देते तो रेपो दर तेव्हा ४ टक्के होता, मे २०२० पासून तिथेच थांबलेला. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, गृहकर्जं बाहेरच्या बेंचमार्कला (आधार दराला) जोडणं सक्तीचं आहे आणि बहुतेक बँकांनी रेपोच निवडला. त्यामुळे हिशोब सरळ होता: रेपो ४ अधिक बँकेचा स्प्रेड, म्हणजे त्यावर बँक जोडते तो भाग, २.८०, एकूण ६.८० टक्के. कर्ज ६० लाख, मुदत २० वर्षं, हप्ता ४५,८००. व्याजदर इतके खाली पुन्हा येणार नाहीत, घ्यायचं तर आत्ताच घ्या, असं दलालापासून बँकेतल्या माणसापर्यंत सगळे सांगत होते. ते खोटं नव्हतं. मात्र दर तळाला असेल तर पुढे तो वरच जाणार आणि आपलं कर्ज फ्लोटिंग आहे, ही त्याच वाक्याची दुसरी बाजू कुणी बोलून दाखवली नाही.

मंजुरीपत्रात ६० लाख असले तरी घरासाठी मिळाले ५८ लाख ६२ हजार. उरलेले १ लाख ३८ हजार कर्जविम्याचा एकरकमी हप्ता म्हणून परस्पर कापले गेले. सह्यांच्या गठ्ठ्यात तोही कागद होता. विमा असणं चांगलंच, पण त्याचा हप्ता कर्जात मिळवला की त्यावरही २० वर्षं व्याज चढतं: ६.८० टक्क्यांनी धरलं तरी त्या १ लाख ३८ हजारांचे अडीच लाख होतात. असा विमा बँकेकडूनच घ्यावा अशी सक्ती नाही. पॉलिसी परत करायची मुदत तेव्हा साधारण १५ दिवसांची होती, आणि ते दिवस सामान हलवण्यात गेले.

स्वतःच्या खिशातून काय गेलं तेही मांडू. घराच्या किमतीतले उरलेले २३ लाख ३८ हजार. मुद्रांक शुल्क ५ टक्क्यांनी ४ लाख १० हजार (मुंबईत मेट्रो अधिभाराचा १ टक्का एप्रिल २०२२ पासून वाढला, त्यातून ते थोडक्यात वाचले). नोंदणी ३०,०००, दलाली ८२,०००, सोसायटीचं ट्रान्सफर प्रीमियम २५,०००, बँकेची प्रोसेसिंग आणि वकील २२,०००. रंग, ग्रिल, ओटा, प्लंबिंग यांत साडेतीन लाख. बेरीज साडेबत्तीस लाखांच्या वर गेली. त्यात महेशच्या वडिलांच्या निवृत्तीच्या पैशातले ९ लाख होते.

घर ३९० चौरस फुटांचं असल्यामुळे पालिकेचा मालमत्ता कर मात्र लागत नाही. मुंबईत ५०० चौरस फुटांपर्यंतच्या घरांना १ जानेवारी २०२२ पासून माफी आहे.

अडचण काय होती

मे २०२२ मध्ये रेपो वाढायला लागला. ४.४०, ४.९०, ५.४०, ५.९०, ६.२५ आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५०. नऊ महिन्यांत अडीच टक्के. महेश-सुजाताच्या कर्जाचा दर तीन-तीन महिन्यांनी रीसेट होत, म्हणजे तेव्हाच्या रेपोनुसार बदलत, मार्च २०२३ पर्यंत ६.८० वरून ९.३० वर गेला.

त्यांना यातलं फारसं काही जाणवलं नाही. प्रकरणाचा गाभा हाच आहे. डिसेंबर २०२२ पर्यंत हप्ता ४५,८०० च होता. मग ४६,४०० झाला, मार्च २०२३ पासून ४८,९००. दीड वर्षात तीन हजार वाढले, ठीक आहे, महागाई सगळीकडेच आहे, असं महेशचं म्हणणं. बँक दर वेळी हप्ता शक्यतो तसाच ठेवून मुदत लांबवत होती. तीस वर्षांच्या कमाल मर्यादेला मुदत टेकली, तेव्हाच हप्त्याला हात लागला. मार्च २०२३ मध्ये हप्ता ४५,८०० वरच ठेवला असता तर त्यातले जवळपास ४५,५०० निव्वळ व्याजात गेले असते, मुद्दल महिन्याला तीनशे रुपयांनी कमी झालं असतं आणि कर्ज फिटायला जवळपास ५४ वर्षं लागली असती.

१८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढलं. दर बदलला की कर्जदाराला हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडं थोडं, हे निवडू द्या. हवा तर फिक्स्ड दराचा पर्याय द्या. आणि दर तिमाहीला वसूल झालेलं मुद्दल, व्याज, चालू दर आणि उरलेले हप्ते दाखवणारं सोपं विवरण द्या. अंमलबजावणीची मुदत होती ३१ डिसेंबर २०२३. त्यानंतर बँकेच्या ॲपमध्ये एक पानी स्टेटमेंट येऊ लागलं आणि फेब्रुवारी २०२४ चा हप्ता गेल्यावर सुजाताने ते उघडलं.

त्या पानावर एका ओळीत होतं: उरलेले हप्ते ३३३. तिला आधी ती छपाईची चूक वाटली. २७ हप्ते भरलेत, २४० मधून २७ गेले की २१३ राहायला हवेत. बँकेच्या शाखेत फोन लावला तर उत्तर आलं, “मॅडम, ईएमआय तर फारसा वाढला नाहीये ना, मग टेन्शन कशाला घेता?”

खालचे आकडे जास्त बोलके होते. सव्वादोन वर्षांत भरले १२ लाख ७६ हजार, त्यातून मुद्दल कमी झालं १ लाख ७३ हजार. बाकी ५८ लाख २७ हजार. आहे तसंच चालू राहिलं तर शेवटचा हप्ता नोव्हेंबर २०५१ मध्ये, महेश तेव्हा ६४ वर्षांचा. यापुढचे सगळे हप्ते मिळून १ कोटी ६३ लाख.

दरवाढ झाली नसती तरी चित्र अगदीच गोड नव्हतं, हेही सांगून ठेवतो. ६.८० टक्क्यांनी वीस वर्षांत ६० लाखांचे १ कोटी १० लाख झालेच असते. पहिल्या हप्त्यातले ३४,००० व्याजाचेच होते आणि निम्मं मुद्दल फिटायला तेरा वर्षं लागणार होती. गृहकर्जाची रचनाच तशी आहे. हे कोष्टक मंजुरीच्या वेळी मागितलं की मिळतं. त्यांनी मागितलं नव्हतं.

पर्याय

पुढचा हप्ता जायच्या आत ठरवायचं म्हणून तीन आठवडे हाती होते. तोवर दोघांचा मिळून पगार १ लाख ३१ हजारांवर गेला होता आणि एफडीत ४ लाख ६० हजार होते. फिक्स्ड दर विचारून पाहिला. बँकेने सांगितलेला आकडा ऐकून तो विषय तिथेच संपला.

महेशच्या ऑफिसातल्या एका सहकाऱ्याचा सल्ला होता की लोन लवकर फेडू नकोस, टॅक्स वाचतो. हा सल्ला मुंबईच्या प्रत्येक ऑफिसात कुणीतरी देतंच, म्हणून तो कागदावर तपासला. जुन्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर २ लाखांपर्यंत वजावट मिळते. महेश २० टक्क्यांच्या स्लॅबमध्ये, म्हणजे उपकर धरून वाचणार ४१,६००. वर्षाचं व्याज पाच लाखांच्या वर. एक्केचाळीस हजार वाचवायला पाच लाख देत राहण्यात काही हशील नव्हतं. शिवाय नव्या प्रणालीत स्वतःच्या राहत्या घराला ही वजावट नाही आणि महेश पुढच्या वर्षी तिकडे जाण्याच्या विचारात होता.

हप्ता वाढवून मुदत मूळ जागी आणायची, म्हणजे २१३ हप्त्यांत संपवायचं, तर त्याच ९.३० टक्के दराने हप्ता ५५,९६५ होत होता. महिन्याला सात हजार जास्त, पण एकूण भरणा १ कोटी ६३ लाखांवरून १ कोटी १९ लाखांवर. जवळपास ४४ लाखांचा फरक. हा आकडा पाहिल्यावर महेशने कॅल्क्युलेटर माझ्या हातून घेतला आणि स्वतः पुन्हा गणित केलं.

एफडीतले ३ लाख एकदम भरले आणि हप्ता ४८,९०० च ठेवला तर ६२-६३ हप्ते कमी होत होते, रुपयांत जवळपास ३० लाख. तीन लाखांत एवढी जादू कशी? हप्ता व्याजाच्या अगदी काठावर होता म्हणून. अशा कर्जात मुद्दलाला लागलेला प्रत्येक जादा रुपया शेपटीकडचे हप्ते कापत जातो. एफडीवर ७ टक्के मिळत होते, कर जाऊन साडेपाच. इकडे कर्ज ९.३० चं. व्यक्तीच्या नावावरच्या फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतपूर्व भरण्याचा दंड लागत नाही, ही माहिती दोघांना नव्हती. “दंड पडतो” असंच ते ऐकत आले होते.

या मोठ्या आकड्यांबद्दल थोडं सबुरीने घ्यावं. २०५१ मधले ४८,९०० रुपये आजच्या ४८,९०० इतके जड नसणार, म्हणून “४४ लाख वाचले” म्हणजे आज हातात ४४ लाख आले असं नाही. पर्यायांची आपसात तुलना करायला मात्र हे आकडे पुरतात, आणि साठीनंतर हप्ता कोण भरणार हा प्रश्न महागाईने सुटत नाही.

राहिला दर. त्यांचा स्प्रेड २.८० होता. नव्या ग्राहकांना त्याच सुमारास दुसरी एक बँक २ टक्के स्प्रेडने, म्हणजे ८.५० ला कर्ज देत होती. स्प्रेड सहसा आपोआप कमी होत नाही, मागावा लागतो. बॅलन्स ट्रान्सफरचा (कर्ज दुसऱ्या बँकेत हलवण्याचा) खर्च, म्हणजे प्रोसेसिंग, वकील, मूल्यांकन आणि गहाणाचं मुद्रांक शुल्क पुन्हा, मिळून ३८ हजारांच्या आसपास होता. तेवढा खर्च दराच्या फरकातून वर्षभरात सहज निघाला असता.

इथे जुन्या इमारतीचा हिसका बसला. नव्या बँकेच्या वकिलाने साखळी करार, म्हणजे पहिल्या मालकापासूनचे सगळे खरेदी करार, मागितले. १९८९ मध्ये बिल्डरने पहिल्या मालकाशी केलेल्या करारावर पुरेसं मुद्रांक शुल्क भरलेलं नव्हतं. पहिल्या बँकेने २०२१ मध्ये ते चालवून घेतलं होतं, दुसरी घेईना. थकीत शुल्क आणि दंड भरून करार नियमित करता येतो, पण त्याला किती महिने लागतील हे कुणी छातीठोकपणे सांगेना. मुंबईत रिसेल घर घेणाऱ्यांनी हा मुद्दा खरेदीच्या वेळीच धसास लावावा. तेव्हा विकणारा समोर असतो आणि दंड त्याच्या माथी मारता येतो.

काय केलं

नव्या बँकेचं ऑफर लेटर घेऊन सुजाता स्वतःच्या बँकेत गेली. लेखी अर्ज दिला की स्प्रेड कमी करा, नाहीतर कर्ज हलवते. करार अडकल्याचं तिने सांगितलं नाही आणि सांगायचं कारणही नव्हतं. आठ-दहा दिवसांत बँकेने स्प्रेड २.२५ वर आणला. दर ९.३० वरून ८.७५. दर बदलून देण्याची कन्व्हर्जन फी जीएसटीसह ५,९००. पहिल्याच महिन्यात त्याची जवळपास निम्मी वसुली झाली.

मग ३ लाख पार्ट पेमेंट. त्या फॉर्मवर दोन चौकोन असतात: हप्ता कमी करा, मुदत कमी करा. काउंटरवरच्या मुलाने सवयीने पहिल्यावर खूण केली. सुजाताने ती खोडायला लावून दुसऱ्यावर करून घेतली, बाजूला सही केली आणि फॉर्मचा फोटो काढून ठेवला.

हप्ता किती ठेवायचा यावर दोघांचं जमेना. महेश ५० हजारांच्या वर जायला तयार नव्हता, सुजाताला ५५ हवे होते. ५३,००० वर तडजोड झाली. या हप्त्याने कर्ज १९७ महिन्यांत संपत होतं, मूळ मुदतीच्याही आधी. एकूण भरणा पार्ट पेमेंट धरून १ कोटी ७ लाख.

पुढे काय झालं

जानेवारी २०२५ मध्ये सोसायटीची नोटीस आली. इमारत पस्तीस वर्षांची, तीस वर्षांवरच्या इमारतींना स्ट्रक्चरल ऑडिट बंधनकारक. ऑडिटमध्ये कॉलम आणि गच्ची दोन्हींची दुरुस्ती निघाली. प्रत्येक फ्लॅटमागे २ लाख १० हजार, तीन टप्प्यांत. एफडीत शिल्लक होते १ लाख ६० हजार आणि त्यातलेही काही मुलीच्या शाळाप्रवेशासाठी राखलेले. शेवटी सुजाताच्या बांगड्यांवर ८० हजारांचं सोनेतारण कर्ज घेतलं, ते दहा महिन्यांत फेडलं.

त्याच वर्षी रेपो उतरायला लागला. फेब्रुवारीत ६.२५, एप्रिलमध्ये ६, जूनमध्ये ५.५०. सप्टेंबरच्या रीसेटला त्यांचा दर ७.७५ झाला. मुदत तीच ठेवून हप्ता ४९,८०० पर्यंत उतरवण्याची मुभा होती. महेशला ती हवी होती: शाळेची फी, सोनेतारण, व्हॅनचे पैसे. हप्ता ५३,००० च ठेवला तर एकूण सव्वाचार-साडेचार लाख वाचत होते. मला विचाराल तर दोन्ही बाजूंत तथ्य होतं. गळ्याशी आलेल्या घराला तीन हजार रुपये हा लहान आकडा नाही. त्यांनी हप्ता बदलला नाही. सोनेतारण दोन-तीन महिन्यांत संपणार आहे, एवढं सुजाताचं म्हणणं पुरलं.

नोव्हेंबर २०२५ अखेर ४८ हप्ते झाले. हप्त्यांतून गेले २३ लाख ८९ हजार, त्यात व्याज १९ लाख. बाकी ५२ लाख १६ हजार. ७.७५ टक्क्यांनी शेवटचा हप्ता डिसेंबर २०३८ मध्ये येतो. ५ डिसेंबरला रेपो आणखी पाव टक्का उतरून ५.२५ झाला, तो मार्च २०२६ च्या रीसेटला लागू होणार होता. हप्ते, सुरुवातीचा खर्च, पार्ट पेमेंट, दुरुस्ती आणि मेंटेनन्स मिळून चार वर्षांत या घरात ६३ लाख गेले.

काय वेगळं करता आलं असतं

पार्ट पेमेंट ३ लाखांऐवजी २ लाखांचं करायला हवं होतं. गणित ३ लाखांच्या बाजूचं होतं, पण ऑडिटचा ठराव २०२३ च्या वार्षिक सभेत मंजूर झालेला होता आणि इतिवृत्त सोसायटीच्या फलकावर लागलं होतं. दोघांपैकी कुणी सभेला गेलं नव्हतं. जुन्या इमारतीतल्या घराचा हिशोब मांडताना पुढच्या पाच-सात वर्षांतल्या दुरुस्तीची रक्कम धरलीच पाहिजे. मोठ्या दुरुस्तीसाठी सोसायटीचा सिंकिंग फंड क्वचितच पुरा पडतो.

घर एकट्या सुजाताच्या नावावर घेतलं असतं तर महिलांसाठीच्या १ टक्का सवलतीत ८२,००० वाचले असते. त्या वेळी सवलतीसोबत पंधरा वर्षं पुरुषाला घर न विकण्याची अट होती, ती नंतर काढली. महेशचे वडील पैसे देत असताना घर फक्त सुनेच्या नावावर, हा विषय त्या घरात निघालाच नाही. तो सोपाही नव्हता.

आणि दरवाढीची चाचणी. मंजुरीच्या दिवशीच अडीच टक्के वाढवून हप्ता काढला असता तर वीस वर्षांसाठी ५५,१४६ आला असता, तेव्हाच्या पगाराच्या ४८ टक्के. आता नव्या दिशानिर्देशांनुसार बँकेने दरवाढीचा परिणाम मंजुरीच्या वेळी सांगायचा असतो. हा आकडा समोर असता तर काय केलं असतं, असं मी दोघांना विचारलं. महेश म्हणतो, डोंबिवलीला पंचेचाळीस-पन्नास लाखांत घर पाहिलं असतं आणि निवांत झोपलो असतो. सुजाताची ड्युटी सकाळी सातची असते. सहाची फास्ट पकडून रोज दोन तास घालवायचे तर त्याचाही हिशोब त्याच कागदावर मांड, असं तिचं उत्तर, आणि यावर त्यांचं अजून एकमत झालेलं नाही.